शून्याने भागलेली रास

एक संख्या घ्या. तिला शून्याने गुणा. जे आले त्यात त्याचेच निम्मे मिळवा, मग तिप्पट करा आणि शेवटी शून्याने भागा. उत्तर ६३ आले पाहिजे, तर मूळ संख्या कोणती? आज एखाद्या शिक्षकाने हे उदाहरण फळ्यावर लिहिले तर पहिल्याच पायरीला मुले हात वर करतील. शून्याने गुणले की सगळे शून्य, मग पुढे करायचे काय? आणि शून्याने भागायचे म्हटल्यावर तर शिक्षकच खडू खाली ठेवतील. पण ११५० च्या सुमारास हे उदाहरण ‘लीलावती’त रीतसर घातले गेले आणि त्याचे उत्तरही दिले गेले : १४. उदाहरण घालणारे भास्कराचार्य तेव्हा छत्तीस वर्षांचे होते. जन्म शके १०३६, म्हणजे १११४ चा, आणि छत्तिसाव्या वर्षी ‘लीलावती’ ज्याचा भाग आहे तो ‘सिद्धान्तशिरोमणी’ रचला, हे त्यांनी स्वतःच लिहून ठेवले आहे.

त्यांची रीत पाहण्यासारखी आहे. १४ ला शून्याने गुणले म्हणून लगेच पाटी पुसायची नाही. पुढे शून्याशी आणखी व्यवहार बाकी असेल तर ते शून्य, वहीत उधारी मांडून ठेवावी तसे, संख्येच्या शेजारी गुणक म्हणून नुसते मांडून ठेवायचे. १४ मध्ये निम्मे म्हणजे ७ मिळवले, २१ झाले. तिप्पट केली, ६३ झाले. शेवटी शून्याने भागायची वेळ आली तेव्हा शेजारी राखलेले शून्य आणि भागणारे शून्य एकमेकांना फिटले, ६३ उरले. उदाहरण सोडवून झाल्यावर भास्कराचार्य एक वाक्य जोडतात : या गणिताचा ग्रहगणितात मोठा उपयोग आहे. तो कुठे आणि कसा हे तिथे उलगडून सांगत नाहीत.

जे मुळात करताच येत नाही, त्याचा उपयोग! या एका वाक्याचा माग काढत गेलो की वाट आपल्या मराठवाड्यातून जाते आणि आजघडीला हिंगोली जिल्ह्यात, औंढा नागनाथ तालुक्यातल्या दुधाळ्याच्या माळावर येऊन पोहोचते. भूगोलाचा हा योगायोग असेल. पण या वाटेवरची माणसे एका स्वभावाची होती. अशक्य वाटणारी गोष्ट त्यांनी फेकून दिली नाही. ती हाताशी ठेवली आणि कामाला लावली.

शून्याने भागण्याचा प्रश्न भास्कराचार्यांच्याही आधी पाचशे वर्षे अडकून पडला होता. ब्रह्मगुप्तांनी ६२८ साली ‘ब्राह्मस्फुटसिद्धान्ता’त शून्यासाठी बेरीज-वजाबाकी-गुणाकाराचे नियम घालून दिले. शून्य भागिले शून्य म्हणजे शून्य, असेही ते म्हणाले. पण इतर संख्येला शून्याने भागले तर छेदात शून्य असलेली संख्या, एवढेच लिहून पुढे गेले. नवव्या शतकात राष्ट्रकूट अमोघवर्षाच्या राज्यात जैन गणितज्ञ महावीराचार्यांनी ‘गणितसारसंग्रह’ लिहिला. राष्ट्रकूटांची राजधानी मान्यखेट, म्हणजे आजचे कलबुर्गीकडचे मळखेड. नांदेडकडचे कंधार हेही त्यांचे मोठे ठाणे. महावीराचार्यांनी ठरवले की शून्याने भागले तर संख्या बदलतच नाही. भागणारा कुणी नसेल तर वाटणी झालीच नाही, असा तो विचार. ऐकायला पटतो, पण टिकत नाही. ३ ला एकदशांशाने भागले तर ३० येतात, एकशतांशाने भागले तर ३००, सहस्रांशाने भागले तर ३०००. भाजक शून्याकडे सरकतो तसतसे उत्तर चढतच जाते. शून्यावर येताच ते गपकन पुन्हा ३ वर कसे येईल?

भास्कराचार्यांनी या राशीला नाव दिले : खहर. ख म्हणजे शून्य, हर म्हणजे छेद. ३ ला शून्याने भागले की जी रास होते ती अनंत, असे त्यांनी ‘बीजगणिता’त म्हटले. आणि मग तिचा विचित्र गुण सांगितला. या राशीत कितीही मिळवा किंवा तिच्यातून कितीही काढा, ती बदलत नाही. त्यासाठी त्यांनी दाखला दिला तो अच्युताचा. सृष्टीच्या वेळी असंख्य जीव त्याच्यातून बाहेर पडतात, प्रलयात त्याच्यात परत जातात, पण तो घटत नाही की वाढत नाही.

विरोधाभास इथेच उभा राहतो. १ ला शून्याने भागले तर खहर, २ ला भागले तरी खहर. दोन्ही सारखेच असतील आणि दोन्हीकडचा शून्य-छेद ‘लीलावती’च्या रीतीने फेडला, तर १ बरोबर २ होऊन बसतात. गणिताचा सगळा डोलारा कोसळायला एवढे एक समीकरण पुरे. म्हणून आजचे पाठ्यपुस्तक सांगते की शून्याने भागायचेच नाही. त्यात चूक काही नाही. पण तेवढ्यावर थांबलो असतो तर पंचांगाचे काम अडले असते.

पंचांगकर्त्याची अडचण चंद्रापाशी होती. तिथी म्हणजे चंद्र आणि सूर्य यांच्यातले बारा अंशांचे अंतर. चंद्र दिवसात किती चालतो यावर तिथी कधी संपणार हे अवलंबून. पण चंद्राची चाल एकसारखी नसते. एखाद्या दिवशी तो बारा अंशांच्या आतच राहतो, एखाद्या दिवशी पंधराच्या पुढे जातो. एकाच दिवसात सकाळची गती आणि संध्याकाळची गतीही निराळी. आजच्या आणि उद्याच्या स्थानांची वजाबाकी करून काढलेली गती ढोबळ ठरते. तिथीचा शेवट जवळ आला असेल तर त्या क्षणाची गती हवी. भास्कराचार्य तिला तात्कालिकी गती म्हणतात आणि चंद्राच्या बाबतीत ती का वापरावी हे कारणासकट सांगतात : चंद्राची गती मोठी आणि क्षणाक्षणाला बदलणारी आहे.

आता एका क्षणाची गती म्हणजे काय? शून्य वेळात चाललेले शून्य अंतर, भागिले शून्य वेळ. हा ‘लीलावती’तल्या त्या उदाहरणाचाच सांगाडा आहे. शून्य आधीच पुसले तर हाती काही राहत नाही. शेवटपर्यंत राखून ठेवले तर नेमकी गती मिळते. भास्कराचार्यांनी ‘ज्या’च्या (आजच्या भाषेत साइनच्या) फरकांवरून ही गती काढली आणि आणखी एक गोष्ट टिपली. ग्रहाच्या मध्यम स्थानात करायची दुरुस्ती जिथे सर्वांत मोठी होते, तिथे गतीतली दुरुस्ती शून्य होते. कमाल बिंदूवर बदलाचा दर शून्य, हे आज कलनशास्त्राच्या पहिल्या धड्यात शिकवतात.

युरोपात हेच भांडण १७३४ साली पेटले. बिशप बर्कली यांनी न्यूटनच्या अनुयायांना जाब विचारला की वाढीने आधी भागायचे आणि मग तीच वाढ शून्य म्हणून सोडून द्यायची, हा कुठला न्याय? उत्तर नीट मिळायला एकोणिसावे शतक उजाडावे लागले. भास्कराचार्यांकडे सीमेची व्याख्या नव्हती, त्यांचा नियम जपून वापरला नाही तर घात करतो, हे मान्य. पण बर्कलींनी जिथे बोट ठेवले त्याच जागी सहाशे वर्षांपूर्वी मराठी मुलखातला एक आचार्य ठामपणे उभा राहिला होता, याचे मोल मला फार वाटते.

हे ज्ञान एका घरात कोंडून राहिले नाही. खानदेशात चाळीसगावाजवळच्या पाटण्याला भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने मठ काढला. चांगदेव देवगिरीच्या यादव सिंघणाचा ज्योतिषी. मठाचा हेतू शिलालेखात स्पष्ट कोरला आहे : भास्कराचार्यांचे आणि त्यांच्या घराण्याचे ग्रंथ शिकवणे. १२०७ साली निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने त्याला देणगी दिली. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी हा लेख एकोणिसाव्या शतकात उजेडात आणला. वरचा भाग संस्कृत आहे, पण शेवटी व्यवहाराची कलमे आली तशी भाषा मराठी झाली. बाजारात विकल्या जाणाऱ्या मालावरचा राजाचा हक्क मठाला दिला; चालणाऱ्या घाण्यांमागे पळी-पळी तेल द्यावे असेही त्यात आहे. पाटण्याच्या तेल्यांच्या तेलावर बीजगणिताच्या पाठशाळेतले दिवे जळत होते असे म्हणायला हरकत नाही.

त्याच यादवांच्या राज्यात, तेराव्या शतकात, औंढ्याचे नागनाथाचे हेमाडपंती देऊळ उभे राहिले. आजही खालचा कोरीव दगडी भाग आणि वरचे उत्तरकाळातले शिखर यांतला फरक दुरून कळतो. ज्योतिर्लिंगांपैकी आठवे ते हेच, अशी इथली श्रद्धा; द्वारकेजवळचे आणि उत्तराखंडातले जागेश्वर हेही तो मान सांगतात. कयाधूकाठच्या नरसीत १२७० साली नामदेवांचा जन्म झाला असे इथली परंपरा मानते. गोरोबा कुंभारांनी कच्चे मडके ठरवल्यावर नामदेव गुरूच्या शोधात औंढ्याला आले. बघतात तो विसोबा खेचर पिंडीवर पाय ठेवून आडवे पडलेले. नामदेव रागावले. विसोबा म्हणाले, जिथे देव नाही तिथे तू माझे पाय ठेव. नामदेवांनी पाय उचलून इकडे ठेवले, तिथे पिंड. तिकडे ठेवले, तिथेही पिंड.

या कथेत भास्कराचार्यांचा प्रभाव शोधायचा नाही. कीर्तनाची आणि पाठशाळेची वाट वेगळी. पण एकाच राजवटीत, एकाच मुलखात दोन्हींना एकच प्रश्न पडला होता. ज्यातून काढून घेता येत नाही अशा गोष्टीतून काढायला गेले तर काय होते? एकाने खहर राशीसाठी अच्युताचा दाखला दिला, दुसऱ्याने पाय ठेवायला जागाच ठेवली नाही. औंढ्याच्या देवळात नंदी समोर नसून मागे आहे, आणि नामदेवांच्या कीर्तनासाठी देऊळच फिरले ही गोष्ट त्याला जोडून सांगतात.

यादव गेले, बहमनी आले आणि तेही मोडले. सोळाव्या शतकात पाथरीवर निजामशाही आणि इमादशाही यांची ओढाताण चालली होती. इतिहासकार फिरिश्ता सांगतो की निजामशाहीचा मूळ पुरुष पाथरीच्या ब्राह्मण कुलकर्ण्याच्या घरातला, म्हणून अहमदनगरला हे गाव हवेच होते. १५१८ साली बुऱ्हाण निजामशहाने ते घेतले, पुढे ते हातचे गेले, पुन्हा घेतले. पाथरी परभणी जिल्ह्यात आहे, आणि १ मे १९९९ ला वेगळा होईपर्यंत हिंगोलीही परभणी जिल्ह्यातच होती. परभणीच्या एका अंगाला पाथरी, दुसऱ्या अंगाला औंढा.

या पाथरीला संस्कृत ग्रंथांत पार्थपूर म्हणतात. तिथल्या ज्ञानराजांनी १५०३ साली ‘सिद्धान्तसुन्दर’ लिहिला. त्यांच्या वडिलांचे नाव नागनाथ. ज्ञानराज भास्कराचार्यांच्या ग्रंथाच्या चौकटीतच लिहीत होते, पण जिथे पटले नाही तिथे बिचकत नव्हते. त्यांचे चिरंजीव सूर्यदास, ज्यांना सूर्यपंडितही म्हणतात, यांनी १५३८ साली भास्करीय बीजगणितावर ‘सूर्यप्रकाश’ आणि १५४१ साली ‘लीलावती’वर ‘गणितामृतकूपिका’ या टीका लिहिल्या. गावावर कधी या शाहीचा अंमल, कधी त्या शाहीचा; आणि घरात तिशीतला एक तरुण खहर राशीवर टीका लिहितो आहे.

सूर्यदासांची आणखी एक रचना सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही : ‘रामकृष्णविलोमकाव्य’. यातला श्लोक सरळ वाचला तर रामाची कथा निघते आणि तीच अक्षरे शेवटाकडून उलटी वाचली तर कृष्णाची. प्रत्येक अक्षराला दोन्ही बाजूंनी अर्थ द्यायचा, जोडाक्षरे सांभाळायची, वृत्तही मोडू द्यायचे नाही. संस्कृतात कसरतीची काव्ये पुष्कळ आहेत, पण या जातीच्या काव्यात हे आद्य मानले जाते. दोन परस्परविरोधी वाचने एकाच ओळीत नांदवणाऱ्या माणसाला खहराचे भय कसले वाटणार!

सूर्यदासांनंतर चारच वर्षांनी, १५४५ मध्ये, कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी ‘लीलावती’वर ‘बुद्धिविलासिनी’ लिहिली. यांचाच ‘ग्रहलाघव’ पुढे कित्येक पिढ्या महाराष्ट्राच्या पंचांगांचा आधार होता. पण खहराचे सर्वांत देखणे स्पष्टीकरण आले ते विदर्भातून. पयोष्णीकाठच्या दधिग्रामाहून काशीला गेलेल्या घराण्यातल्या कृष्ण दैवज्ञांनी १६०० च्या आसपास ‘बीजपल्लव’ ही टीका लिहिली. जहांगीर बादशहाच्या दरबारात त्यांना मान होता.

कृष्ण दैवज्ञ वाचकाला उन्हात नेऊन उभे करतात. जमिनीत शंकू, म्हणजे सावली मोजायची उभी काठी, रोवा. सूर्य वर चढलेला असताना उंच शंकूची सावली लांब, ठेंगण्या शंकूची आखूड. आता सूर्य अगदी क्षितिजावर टेकलेला घ्या. त्याची उंची शून्य. त्रिज्या १२० धरून त्रैराशिक मांडले तर एक अंगुळ शंकूची सावली १२० भागिले शून्य, दोन अंगुळांची २४० भागिले शून्य, तीन अंगुळांची ३६० भागिले शून्य. अंश वेगळे, पण सावली सगळ्यांची सारखीच, म्हणजे न संपणारी. त्रिज्या १२० ऐवजी ३४३८ घेतली तरी निकाल तोच. भास्कराचार्यांनी अच्युताचा दाखला दिला होता. कृष्ण दैवज्ञांनी तोच गुण मावळतीच्या सावलीत मोजून दाखवला. शिवाय विरोधाभासाची नस त्यांनी पकडली. खहर राशी एकमेकींसारख्या आहेत म्हणून त्यांचे अंश सारखे ठरत नाहीत. सूर्यास्ताच्या सावलीवरून शंकूची उंची परत काढता येत नाही. १ बरोबर २ होण्याचा धोका तिथेच टळतो.

यानंतरचा टप्पा तीनशे वर्षांनी येतो आणि तो मराठी मुलखाबाहेरचा आहे. १९१५ च्या शेवटी, पहिल्या महायुद्धात रशियाच्या आघाडीवर असलेल्या कार्ल श्वार्त्सशिल्ड या जर्मन खगोलज्ञाने आइन्स्टाइनची गुरुत्वाकर्षणाची नवी समीकरणे एका गोल वस्तुमानासाठी सोडवली. उत्तरात दोन जागी छेदात शून्य आले. एक जागा केंद्रात, दुसरी केंद्रापासून ठरावीक अंतरावर. सूर्याएवढ्या वस्तुमानासाठी ते अंतर सुमारे ३ किलोमीटर. पुढच्याच वर्षी श्वार्त्सशिल्ड वारले. या दोन खहरांचा निवाडा लागायला मात्र काही दशके गेली. बाहेरचा खहर मोजण्याच्या पद्धतीतून आलेला निघाला. निर्देशकांची निवड बदलली की तो फिटतो, ‘लीलावती’तल्या १४ च्या शेजारचे शून्य फिटले तसाच. केंद्रातला काही केल्या फिटत नाही. कोलकात्याच्या अमलकुमार रायचौधुरी यांच्या १९५५ च्या समीकरणाने आणि त्यावर पुढे रॉजर पेनरोज यांनी १९६५ मध्ये सिद्ध केलेल्या प्रमेयाने हे पक्के केले. जो खहर फिटतो ती सीमा कृष्णविवराची, आणि जो फिटत नाही तो तिच्या आड दडलेला.

अशी दोन कृष्णविवरे एकमेकांभोवती फिरत एक होतात तेव्हा अवकाशच थरथरते. १४ सप्टेंबर २०१५ ला अमेरिकेतल्या हॅनफर्ड आणि लिव्हिंग्स्टन इथल्या लायगो वेधशाळांनी ती थरथर पहिल्यांदा टिपली. सूर्याच्या ३६ पट आणि २९ पट वस्तुमानाची दोन विवरे मिळून ६२ पटीचे एक झाले. उरलेले ३ सूर्यांएवढे वस्तुमान गुरुत्वीय लहरींच्या रूपाने बाहेर पडले. गोंगाटातून असा संकेत निवडायचे गणित जगात ज्यांनी घडवले त्यांत पुण्याच्या आयुकातले संजीव धुरंधर आघाडीवर होते. ही बातमी जगजाहीर झाली त्याच फेब्रुवारी २०१६ मध्ये भारतातल्या लायगोला तत्त्वतः मान्यता मिळाली, आणि जागा ठरली ती औंढा नागनाथ तालुक्यातली. समुद्र, मोठे रस्ते, कारखान्यांची धडधड यांपासून दूर असलेली जागा हवी होती. एप्रिल २०२३ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने २६०० कोटी रुपयांच्या खर्चाला मंजुरी दिली, ११ मे २०२३ ला पायाभरणी झाली.

काटकोनात ४-४ किलोमीटरच्या दोन निर्वात नळ्या, टोकांना टांगलेले आरसे आणि त्यांच्यामध्ये ये-जा करणारा लेसरचा किरण, असे हे यंत्र. लहर आली की एक भुजा किंचित लांबते, दुसरी किंचित आखडते. तो फरक प्रोटॉनच्या व्यासाच्या हजाराव्या भागाहूनही बारीक. जवळजवळ शून्य, पण शून्य नव्हे, आणि तो पुसला तर सगळेच गेले. अशा यंत्राला जमिनीची खोडी चालत नाही. हिंगोलीची जमीन मात्र अगदी मुकी नाही. वसमत तालुक्यातल्या पांगरा शिंदे परिसरात भूगर्भातले आवाज लोक वर्षानुवर्षे ऐकत आले आहेत, आणि २०२४ च्या मार्चमध्ये व जुलैमध्ये जिल्ह्यात ४.५ तीव्रतेचे धक्के बसले. आरसे टांगताना जमिनीचे हलणे वेगळे काढण्याची सोय यंत्रातच करावी लागते.

दुधाळ्याचे यंत्र आणखी एका कामासाठी हवे आहे. २०१५ ची ती लहर दोनच वेधशाळांनी टिपली होती, त्यामुळे ती आकाशात कुठून आली हे नेमके सांगता आले नाही. संशयित पट्टा सुमारे ६०० चौरस अंशांचा राहिला. आकाशातले पूर्ण चंद्रबिंब एका चौरस अंशाच्या पाचव्या भागाएवढे असते, म्हणजे तो पट्टा तीन हजार चंद्रबिंबे मावतील एवढा. एकच लहर हॅनफर्डला, लिव्हिंग्स्टनला आणि औंढ्याला किती अंतराने पोहोचली, हे सेकंदाच्या हजाराव्या भागापर्यंत मोजले की दिशा कळते, आणि ठिकाणे एकमेकांपासून जितकी दूर तितकी ती अधिक नेमकी. अमेरिकेतल्या दोन्ही वेधशाळांपासून औंढा पृथ्वीच्या जवळजवळ दुसऱ्या अंगाला आहे.